इंदूर एक्स्चेंजच्या दिघेताई

निर्मलाताई दिघे चेहऱ्यावरून माणूस ओळखत नसत. डोळे चांगले होते, सुईत दोरा पहिल्या झटक्यात ओवायच्या. पण चेहरा त्यांच्या ध्यानातच राहत नसे. छत्रीबागेत आमच्या गल्लीच्या तोंडाशी आपण समोरून यावं, हसावं, हात करावा, तरी ताई सरळ पुढे निघून जात. नव्या माणसाला वाटे, काय ही अकड! पण मागून नुसतं ‘ताई’ म्हटलं की त्या जागच्या जागी थांबत आणि वळायच्या आधीच म्हणत, “सुनंदा, सर्दी झालीय तुला. परवापासून आहे ना?”

परवापासूनच असे.

तीस वर्षं त्या एका कापड मिलमध्ये टेलिफोन ऑपरेटर होत्या. कानाला हेडफोन, समोर भोकाभोकांचा बोर्ड, हातात कॉर्ड. साहेबांपासून गोदामापर्यंत आणि गोदामापासून मुंबईच्या बाजारापर्यंत मिलमधलं सगळं बोलणं त्यांच्या बोटांतून जायचं. मिलमधली माणसं त्यांना ‘हलो बाईजी’ म्हणायची. पुढे गल्लोगल्ली एसटीडीचे पिवळे बूथ आले, मिलनं बोर्ड काढून आपोआप फोन जोडणारी पेटी बसवली. ताईंना काढलं नाही. पेटीशेजारी खुर्ची दिली. “पाच वर्षं मी त्या डब्ब्याची आया होते,” असं त्या सांगायच्या. मग एके दिवशी मिलच बंद पडली. एका मागोमाग एक सगळ्याच पडत होत्या तेव्हा.

माझा छत्रीबागेत टायपिंगचा क्लास होता. लोक कॉम्प्युटर मागायला लागले तेव्हा मी आठ टायपरायटर काढून चार कॉम्प्युटर घेतले आणि पाटीवर ‘टायपिंग’च्या आधी ‘कॉम्प्युटर’ हा शब्द रंगवून घेतला. जागा पुरली नाही, म्हणून तो तिरका बसला. त्या तिरक्या पाटीखालून दिघेताई एका दुपारी आत आल्या. पांढरीशुभ्र साडी, हातात शेवेची पुडी.

“मिलला ताला लागून गेला,” त्या म्हणाल्या. “घरी बसून भिंती ऐकत बसू का? जे शिकवतेस ते मला पण शिकव.”

शिकायला त्या तेज होत्या, पण माऊस त्यांना आवडला नाही. “हे काय उंदराच्या शेपटीला धरून चालवायचं!” मोडेम मात्र फार आवडला. त्या दिवसांत नेट टेलिफोनच्या लायनीवर चालायचं आणि जोडताना ते यंत्र किंचाळायचं. आम्ही कान झाकायचो. ताई मान तिरकी करून ऐकायच्या आणि मध्येच सांगायच्या, “नाही लागणार. काट, पुन्हा लाव.” नाहीच लागायचं. एखाद्या वेळी डोळे मिटून म्हणायच्या, “हां, आता गेली लाइन,” आणि खरोखर पान उघडायचं. माझे विद्यार्थी ते बघायला मुद्दाम थांबायचे.

नेट लागलं की पहिल्या आठवड्यात जो तो स्वतःचं नाव शोधायचा. ताईंनी मला कागदावर दुसरंच नाव लिहून दिलं. एल्दा तोर्क्वी.

“ही कोण?”

“शोध तर आधी.”

नेटवर एक खुला ज्ञानकोश आहे. जगातल्या कितीतरी भाषांमध्ये तो आहे आणि तो लिहिणारे लोक कुणी नेमलेले नसतात. ज्याला वाटेल तो, वाटेल तेव्हा, फुकट लिहितो. त्यात एल्दाबाई सापडल्या. इटलीतल्या ऑपेरा गायिका. इटालियन, जर्मन, हंगेरियन, तुर्की आणि इंग्रजी अशा पाच भाषांत त्यांच्यावर लहानसा लेख होता. मी इंग्रजीतला मोठ्यानं वाचून दाखवला. जन्म, गाव, थिएटर, भूमिका, आणि शेवटी मृत्यूचं साल.

“काय साल म्हणालीस?”

मी पुन्हा वाचलं.

“झूठ,” ताई म्हणाल्या. “त्याच्यानंतर दोन वर्षांनी मी तिला ऐकलंय.”

ती गोष्ट त्यांनी मला त्या दुपारी पहिल्यांदा सांगितली, आणि पुढे निदान वीस वेळा सांगितली.

मिलमध्ये इटलीहून नवे माग आले होते आणि ते बसवायला एक इंजिनिअर आला होता, तोर्क्वी नावाचा. कामगारांनी आठवड्याभरात त्याचा ‘तुर्की साहब’ करून टाकला. तो वर्षभर राहिला, उकडलेले बटाटे खाऊन. त्याच्या वाढदिवशी त्यानं घरी फोन लावायला सांगितला. तेव्हा परदेशी कॉल मुंबईमार्फत बुक करावा लागे, आणि ज्या माणसाशी बोलायचं त्याचं नाव आधी नोंदवावं लागे. तुर्की साहेबांनी बहिणीचं नाव दिलं. सकाळी बुक केलेला कॉल दुपारी चारला लागला.

“मला लाइन चेक करायची असते ना, म्हणून मी कान लावला,” ताई सांगायच्या. “थोडं बोलली ती, आणि मग गायलाच लागली. अगं, कुठून कुठून तो आवाज येऊन राहिला होता! खरखर अशी, की आपला माणूस बोलला तरी समजू नये. पण ही त्या खरखरीच्या वरून चालली होती. बाई कशी ओढ्यातल्या दगडांवरून पाय न भिजवता पलीकडे जाते, तशी. ठरलेली तीन मिनिटं झाली. मुंबईची ऑपरेटर म्हणाली, ‘इंदूर, थ्री मिनिट्स.’ मी म्हटलं, ‘बाई, जरा ऐक तर.’ तिनं पण कान लावला. मग हळूच म्हणाली, ‘चालू दे.’ सात मिनिटं चाललं ते. साहेब रडत होते. मी पण रडत होते. मुंबईचं मला दिसलं नाही, पण तिनं नाक ओढलेलं मी ऐकलं.”

दुसऱ्या दिवशी ताईंनी साहेबाला विचारलं, ते काय होतं? त्यानं सांगितलं, ऑपेरा. म्हणजे नाटकच, पण सगळं गाऊन. त्यानं जायच्या आधी ताईंना तीन रेकॉर्डी दिल्या. ताईंनी लग्न केलं नव्हतं, घरात दुसरं कुणी नव्हतं. त्या तीन रेकॉर्डींवर त्यांनी तीस वर्षं काढली. शब्द एक कळत नव्हता. “शब्द कशाला हवेत? भांडतेय की मनवतेय, ते तर कळतं ना.”

अशा बाईला पाच भाषांनी मिळून दोन वर्षं आधीच मारून टाकलं होतं.

ताईंनी त्या लेखाच्या चर्चेच्या पानावर माझ्याकडून इंग्रजीत लिहून घेतलं: ही बाई या साली जिवंत होती, मी तिला फोनवर गाताना ऐकलं आहे. दोन दिवसांनी उत्तर आलं, अगदी नम्र: तुमची आठवण सुंदर आहे, पण वैयक्तिक आठवण हा पुरावा धरता येत नाही. छापील आधार द्यावा.

“माझा कान आधार नाही?” ताई इतक्या मोठ्यानं म्हणाल्या, की परीक्षेचा सराव करणाऱ्या दोन मुलींचे हात थांबले. “तीस वर्षं अख्खी मिल माझ्या कानावर चालली!”

मला वाटलं, झालं, बाई आता येणार नाहीत. पण दुसऱ्या दिवशी त्या वही घेऊन हजर. म्हणाल्या, “असं आहे, सुनंदा, की ज्यांच्या घरचे कायदे आहेत, ते आधी शिकून घ्यावे लागतात. मी त्यांच्यात शिरते.”

आणि शिरल्या. ज्ञानकोशात लिहिताना एक टोपणनाव घ्यावं लागतं. ताईंनी घेतलं ‘इंदूर एक्स्चेंज’. रोज दुपारी दोन ते पाच. ऑपेरा गायिकांवरचे इंग्रजी लेख घ्यायचे, शब्दकोश मांडीवर ठेवायचा आणि मराठीत लिहायचं. दोन वर्षांत त्यांनी चाळीसेक बाया मराठीत आणल्या. मध्ये शेवेची पुडी. कीबोर्डाच्या फटींत शेव जाऊन बसायची. चौथ्या नंबरच्या कॉम्प्युटरचा ‘क’ त्यामुळेच कायमचा गेला.

मराठी ज्ञानकोशात आणखी एक गृहस्थ ऑपेराचं पाहायचे. पुण्याचे, कॉलेजात फिजिक्स शिकवणारे. टोपणनाव ‘काळी दोन’, हार्मोनियमवरच्या पट्टीचं. ते ताईंची इंदुरी मराठी दुरुस्त करायचे. ताईंनी लिहिलं, ‘ती फार फेमस होऊन गेली.’ तासाभरात तिथे दिसायचं, ‘तिला अमाप कीर्ती लाभली.’

“हा माणूस घरी भूक लागली की क्षुधा लागली म्हणत असेल,” ताई म्हणायच्या आणि वाक्य परत बदलायच्या.

सगळ्यात मोठं भांडण सोप्रानोवरून झालं. बायकांच्या आवाजातल्या सगळ्यात उंच पट्टीला ऑपेरात सोप्रानो म्हणतात. काळी दोन यांनी सगळीकडे ‘उच्चस्वरी गायिका’ करून टाकलं. ताईंनी चर्चेच्या पानावर लिहिलं: ‘उच्चस्वरी तर आमच्या गल्लीतली भाजीवाली पण आहे. तिच्यावर लेख लिहू काय?’ पाचव्या दिवशी एक ओळ आली: ‘हसून पुरेवाट झाली. सोप्रानो राहू द्या.’ तेव्हापासून ते दोघं एकमेकांना रोज लिहू लागले, आणि रोज भांडू लागले.

परदेशातही त्यांची माणसं झाली. एल्दाचा हंगेरियन लेख लिहिणारी एक विद्यार्थिनी होती, तुर्की लिहिणारा एक दातांचा डॉक्टर. आणि इटलीत होती ग्राझिएला, पोस्टातून रिटायर झालेली. ताईंचं इंग्रजी म्हणजे एक्स्चेंजचं इंग्रजी. निरोप सुरू करायच्या, ‘हलो इटली, इंदूर कॉलिंग.’ संपवायच्या, ‘प्लीज गो अहेड.’ ग्राझिएलाचं इंग्रजी त्याहून मोडकं. पण दोघींना एकमेकींचं सगळं कळायचं. मी मध्ये पडून नीट करायला गेले की ताई म्हणायच्या, “तू नको ग. लाइन क्लिअर आहे.”

एक दिवस ग्राझिएलानं विचारलं, तुमच्या त्या फोनची तारीख आठवते का? नेमकी तारीख मिळाली तर मी इकडे त्यापुढचे पेपर बघेन.

ताईंना वर्ष पक्कं आठवत होतं, पण साहेबांच्या वाढदिवसाची तारीख सांगता येईना. मिलमध्ये मात्र ट्रंक कॉलचं रजिस्टर होतं.

मिलला सील होतं. तरी आम्ही दोघी रिक्षा करून गेलो. फाटकाच्या जाळीमागे खाटेवर एक म्हातारा चौकीदार बसला होता. त्यानं न बघताच हात हलवला. “अंदर जाना मना है.”

“भंवरलाल,” ताई म्हणाल्या, “खोकला अजून गेला नाही का तुझा?”

तो उठून उभाच राहिला. “हलो बाईजी!”

तरी आत सोडायला तो घाबरत होता. शेवटी ज्या सरकारी बाबूच्या ताब्यात मिल होती तो जेवून आला आणि ताईंनी त्याला सगळी हकीकत सांगितली. इटलीची बाई, गाणं, पाच भाषा. तो ऐकतच राहिला. म्हणाला, “मैडम, यहाँ सब मशीन पूछने आते हैं. रजिस्टर पूछने आप पहली आई हैं. देख लीजिए, पर ले जाना नहीं.”

कामगार नसलेली मिल मी पहिल्यांदा पाहत होते. मागांच्या जागी जमिनीत नुसते बोल्ट उरले होते. ताई कुठेच थांबल्या नाहीत. टेलिफोनच्या खोलीत भिंतीतल्या कपाटात रजिस्टरांची चळत होती. वरची दोन वाळवीनं खाल्लेली, खालची शाबूत. तिसऱ्यात ती नोंद निघाली. ताईंच्याच अक्षरात, निळ्या शाईत: कुणी मागितला, कुणाशी बोलायचं, कधी लागला, किती वेळ चालला. ‘मिस एल्दा तोर्क्वी.’ आणि शेवटच्या रकान्यात ‘सात मिनिटं.’

“बघ,” ताई एवढंच म्हणाल्या.

नेता येईना, म्हणून त्यांनी तिथेच उभ्यानं सगळी नोंद वहीत उतरवून घेतली आणि खाली भंवरलालची साक्षीदार म्हणून सही घेतली. त्यानं सहीपुढे कंसात ‘चौकीदार’ लिहिलं आणि तारीख घातली. मी तो कागद स्कॅन करून सगळ्यांना पाठवला. काळी दोन यांचं लगेच उत्तर आलं: ‘ताई, माझा तुमच्यावर पूर्ण विश्वास आहे. पण हे अप्रकाशित आहे. चालणार नाही.’

“माहीत आहे,” ताईंनी लिहिलं. “तुमच्यासाठी नाही पाठवलं. ग्राझिएलासाठी पाठवलंय.”

ग्राझिएला महिनाभर जुने पेपर चाळत होती. मग एका दुपारी तिचा निरोप आला, सोबत एका जुन्या पेपराच्या कात्रणाचा फोटो. मी तिचं इंग्रजी जुळवत मोठ्यानं वाचलं, ताई डोळे मिटून ऐकत होत्या.

झालं होतं असं. एल्दाला त्याच नावाची एक आत्या होती, तीही गायची. वारली ती आत्या. कुणीतरी तिचं साल भाचीला चिकटवलं आणि मग प्रत्येक भाषेनं ते दुसरीकडून उचललं. आपली एल्दा त्यानंतर नऊ वर्षं जगली. पण नाव पुढे कुठे आलं नाही, कारण तिचं थिएटरच बंद पडलं होतं, आत्या गेली त्याच वर्षी. दुसरं काम मिळालं नाही. ती गावी परतली आणि चर्चमधल्या मुलांना गाणं शिकवू लागली. गावच्या छोट्या पेपरात तिच्या निधनाची बातमी होती. अंत्ययात्रेत मुलं गायली, असं त्यात लिहिलं होतं. छापील, तारखेसकट.

मला वाटलं होतं ताई उड्या मारतील. त्यांनी नुसते डोळे उघडले. मग म्हणाल्या, “थिएटर आधीच बंद पडलं होतं?”

“हो. फोनच्या दोन वर्षं आधी.”

“म्हणजे ती गायली तेव्हा तिच्याजवळ स्टेज नव्हतं.” त्यांनी पदरानं डोळे पुसले. “भाऊ, मुंबईवाली आणि मी. एवढेच होतो ग आम्ही थिएटरमध्ये.”

मी पाणी आणून दिलं. ते पिऊन झाल्यावर त्यांचा आवाज पूर्ववत झाला. “चल, हो बाजूला. आधी मराठीत खरं साल येणार. बाकीचे मागून.”

एल्दावर मराठीत लेख नव्हताच. चाळीस बायांवर लिहिलं, पण चुकीच्या सालाचा लेख मी लिहिणार नाही म्हणून ताईंनी तो ठेवून दिला होता. तो त्यांनी त्या दुपारी तीन तासांत लिहिला, खाली गावच्या पेपराचा आधार दिला आणि बटण दाबलं. काळी दोन यांनी त्यात एक अक्षर बदललं नाही. ‘फेमस होऊन गेली’ तसंच ठेवलं.

पुढचे तीन दिवस आम्ही सगळ्या भाषा उघडून बसायचो. ग्राझिएलानं इटालियन त्याच दिवशी बदललं होतं. मग जर्मन बदललं, मग हंगेरियन. दातांचे डॉक्टर सुट्टीवर होते, म्हणून तुर्कीला वेळ लागला. इंग्रजीवाले सगळ्यात शेवटी आले. ताई एकेक पान उघडून साल वाचायच्या आणि क्लासभर सांगायच्या, “घ्या, तुर्कीत पण जगली!” विद्यार्थ्यांना काही कळत नव्हतं, तरी ते टाळ्या वाजवायचे. इंग्रजीतही झालं त्या दिवशी ताईंनी सगळ्यांना कचोरी खाऊ घातली.

मला वाटलं, आता ताई थांबतील. त्या वर्षी त्या सुदामा नगरात पुतण्याकडे राहायला गेल्या आणि तिथून दोन टेंपो बदलून माझ्याकडे यायच्या. एकदा म्हणाल्या, “इटलीच्या बाया झाल्या बहुतेक. आपल्या राहून गेल्या.”

त्यांच्या डोक्यात धापूबाई होती. गौतमपुऱ्याकडची शेतकरीण, वय सत्तरच्या पुढे. लग्नाकार्यात माळवी गाणी गायची, आणि ती अमक्या वाड्यात गायली की पलीकडच्या वस्तीवर ऐकू येतं, अशी तिची ख्याती. पण तिच्यावर कधी कुठे एक ओळ छापून आली नव्हती. आणि छापील आधाराशिवाय लेख नाही, हा कायदा आता ताईंनाच तोंडपाठ होता.

“मग कसं करणार?” मी विचारलं.

“सोपं आहे. आधी पेपरात छापून आणते, मग लिहिते.”

ताई एका हिंदी पेपरच्या कचेरीत जाऊन बसल्या. तिथल्या संपादकानं पहिल्यांदा टाळलं, दुसऱ्यांदा चहा दिला, तिसऱ्यांदा म्हणाला, “माताजी, आप ही लिखकर ला दीजिए.” मग त्यांनी माझा टेपरेकॉर्डर मागून नेला.

तो लेख छापून आला, अर्धं पान, धापूबाईच्या फोटोसकट. पण तो दिवाळीनंतर पंधरवड्यानं आला, आणि ताई दिवाळीनंतर आठवडाभरात, दोन दिवसांच्या तापाचं निमित्त होऊन गेल्या होत्या. ज्ञानकोशातलं धापूबाईचं पान काळी दोन यांनी लिहिलं. मला पत्रात त्यांनी कळवलं, की भाषा मुद्दाम साधी ठेवली आहे. ग्राझिएलानं त्याचं इटालियन केलं. धापूबाईला त्यातलं काही वाचता येत नाही; तिच्या नातवानं तिला गौतमपुऱ्याच्या एका दुकानात नेऊन पडद्यावर तिचा फोटो दाखवला म्हणे, आणि ती म्हणाली, लुगडं दुसरं नेसायला हवं होतं.

ताईंना मी शेवटचं पाहिलं ते त्या गौतमपुऱ्याला निघाल्या तेव्हा; पुढे क्लासला दिवाळीची सुट्टी होती. दिवाळीच्या आधीची गर्दी, बस खचाखच. मी टेपरेकॉर्डरचे सेल द्यायला स्टँडवर गेले होते. त्यांनी भांडून खिडकी मिळवली होती. टेपरेकॉर्डर मांडीवर, त्याच्यावर डबा, डब्यावर वही. मी सेल खिडकीतून आत दिले, म्हटलं, “ताई, उन्हाचं डोकं झाकून घ्या. संध्याकाळच्या आत परत या.”

“हौ, हौ,” त्या म्हणाल्या, पण लक्ष माझ्याकडे नव्हतं. शेजारच्या सीटवर लसणाचं पोतं पायाशी घेऊन एक बाई बसली होती. बस हलली तेव्हा ताई तिच्याकडे वळून, वहीचं पान उघडत विचारत होत्या, “तुम्हारे गाँव में ब्याह में पहला गीत कौन गाता है?” त्या बाईनं आधी तोंडाला पदर लावला, मग हसली, आणि पदर बाजूला करून गायला लागली.